वाढीव वीत

पिकं निघून रानं मोकळी झाली की कुंपणाची कामं निघतात. त्या वर्षी डुकरांनी उच्छाद मांडला होता, त्यामुळे तारवाल्याला घाम पुसायलाही फुरसत नव्हती. तो पहारीने खड्डा खणत होता, बायको माती उपसत होती आणि लेक सडकेवरून येताना दिसत होती. सायकल बांधाला टाकून उरलेलं अंतर पळत यायची तिची सवय. त्या दिवशी ती सायकल ढकलत, चालत आली.

बायकोने कंबर सरळ केली. "गेलं वाटतं," ती म्हणाली.

लेकीला सगळे भिंगरी म्हणत. तिने सायकल आडवी केली, पाण्याचा डबा तोंडाला लावला आणि मग सांगितलं, "एका गुणाने राहिलं. लेखी चांगलं आहे. धावण्यात गेलं. दोन मिनिटं पन्नास सेकंदांत आले असते तर पूर्ण गुण होते. एक्कावन्न लागले."

"एका सेकंदात काय होतं गं?" आई म्हणाली. "शिंकसुद्धा पुरी होत नाही."

"पोलिसाची नोकरी होते किंवा होत नाही," भिंगरी म्हणाली आणि फावडं उचलून कामाला लागली.

तारवाला खणत राहिला. खड्डा कमरेइतका झाला तेव्हा त्याने विचारलं, "सडकेवर तुला किती लागायचे?"

"एकोणपन्नास. दर दोनशे मीटरला दगड आहे. चार दगड ओलांडले की आठशे. तीन महिने तेच केलंय. कधी अठ्ठेचाळीस, पण पन्नासाच्या वर कधी नाही."

"त्या दिवशी पोटबिट दुखत होतं?"

"नाही."

"घाबरलीस?"

"घाबरले की मी जास्त पळते, बाबा."

हे खरं होतं. मग ती दोन सेकंदं गेली कुठे? तार पिळायची पकड हरवली तरी ती सापडेपर्यंत त्याला जेवण गोड लागत नसे. इथे तर तारवाल्याच्या घरातली दोन सेकंदं हरवली होती. शिवाय त्या मैदानाचा कोपरान् कोपरा त्याला ठाऊक होता, कारण भरतीच्या आदल्या दिवशी ते मैदान त्यानेच आखलं होतं. ठेकेदाराने बोलावलं, चारशे मीटरचा फेरा सांगितला. तारवाल्याने आपली वीस मीटरची मापाची तार वीस वेळा टाकून फेरा भरला आणि त्यावर फक्कीची पांढरी रेघ ओढली. दुसऱ्या दिवशी कठड्याबाहेर उभं राहून त्याने लेकीला स्वतःच्या रेघेवरून दोन फेरे पळताना पाहिलं होतं. रेघ कशी सुतात होती, हेच तो तेव्हा बघत होता.

*

पंधरा दिवसांनी सहा मुली वकीलबाईंकडे गेल्या. सहाही जणी त्याच मैदानावर पळालेल्या. भिंगरीबरोबर तारवालाही गेला. कामाचे कपडे बदलले, पण नखांतली माती गेली नव्हती. खुर्च्या चारच होत्या. तो दाराशी उभा राहिला.

वकीलबाई चहा गार करून पिणाऱ्या होत्या. त्यांनी कागद पसरले. "भरती एक, मैदानं दोन, यादी एक. तिकडच्या मैदानावर एकेचाळीस मुलींना धावण्यात पूर्ण गुण आहेत. इकडे तिघींना. पळणाऱ्या दोन्हीकडे साधारण सारख्याच. आता एक तर इकडच्या पोरी लंगड्या आहेत, नाही तर मैदान."

मुली हसल्या. भिंगरी हसली नाही.

"मैदान आता मोजता येणार नाही," बाई म्हणाल्या. "तिथे पत्र्याची शेड उभी राहते आहे. मोजलं कोणी, कशाने, एवढंच हातात आहे. खात्याने उत्तर दिलंय, अनुभवी कारागिराकडून मोजून घेतलं. खाली सही आहे." त्यांनी कागद उजेडाकडे धरला. "हा कोण कारागीर, शोधावं लागेल."

"मी," दारातून तारवाला म्हणाला.

सगळ्या माना वळल्या.

"तुम्ही हिचे वडील ना?"

"हो."

"हे आधी सांगायचं नाही का?"

"कोणी विचारलं नाही. आणि सांगण्यासारखं काय आहे त्यात? माप चोख आहे म्हणून सही केली. माझ्या तारेवर भावाभावांची भांडणं मिटलीत, बाई. तार माझ्या बापाची आहे. दोघं भाऊ बांधावर कुऱ्हाडी घेऊन उभे असले, तरी ही तार पडली की खाली बसतात."

"असेल," बाई म्हणाल्या. "मग तुमच्या मुलीची दोन सेकंदं कुठे गेली?"

बाईंनी गार चहा एका घोटात संपवला. "तुम्ही शोधा. सापडलं तर सांगा. नाही सापडलं तरी सांगा."

परतताना भिंगरी सायकल हातात धरून त्याच्याबरोबर चालली. अर्धी वाट झाल्यावर तो म्हणाला, "तुला माझ्या मापाची शंका आहे?"

"मला माझ्या पायांची शंका नाही," ती म्हणाली.

*

सापडलं ते आठ दिवसांनी, आणि शोधायला गेल्यावर नव्हे.

ओढ्याकाठच्या एका रानात जुनं कुंपण नव्याने बांधायचं होतं. ते कुंपण सोळा वर्षांपूर्वी तारवाल्यानेच घातलेलं. वीस-वीस मीटरवर दंडाएवढे मोठे खांब, मधे बारीक. लाकडं कुजून मोडली होती, पण खड्ड्यांच्या जागा काळ्या मातीच्या वर्तुळांनी ओळखू येत होत्या. पहिला खांब अजून यायचा होता, म्हणून तारवाल्याने त्या जागी पहार ठोकली आणि मापाच्या तारेचा आकडा पहारीला अडकवला. भिंगरी दुसरं टोक घेऊन ओढ्याच्या दिशेने गेली आणि तार ताणून बसली.

"बाबा, खड्डा सरकलाय," ती ओरडली.

"खड्डा कुठे सरकतो?"

"मग तुम्ही या आणि बघा."

तो गेला. तारेचं टोक जुन्या खड्ड्याच्या मधोमध यायला हवं होतं. ते पुढे गेलं होतं. त्याने अंगठा आणि करंगळी ताणून मोजलं. एक वीत. तार ढिली असेल म्हणून त्याने पुन्हा ताणली. वीतच.

तो परत पहारीपाशी आला आणि उकिडवा बसून तारेचा आकडा बघत राहिला. आयुष्यभर त्याने हा आकडा कधी कशाला नुसता अडकवला नव्हता. तार खांबाभोवती एक वेढा घ्यायची, मग आकडा तिच्यातच अडकवायचा, मग ताणायचं. बाप असंच करायचा. त्याचं बघून तोही तसंच करत आला. खांब नसताना माप घ्यायची वेळच कधी आली नव्हती. आली ती एकदाच. मैदानावर लाकूड पुरायला साहेबांनी मनाई केली होती आणि ठेकेदाराने बोटाएवढ्या लोखंडी खुंट्या दिल्या होत्या. बोटाएवढ्या खुंटीला वेढा काय घालायचा? त्याने आकडा अडकवला आणि पुढे गेला. वीस वेळा.

मोडक्या खांबाचा एक धड तुकडा बांधाला पडला होता. तो उचलून त्याने पहारीच्या जागी रोवला, तारेचा एक वेढा दिला, आकडा अडकवला. "बघ आता."

"खड्ड्यात आली," पलीकडून भिंगरी म्हणाली. "बरोबर मधे."

म्हणजे तार वीस मीटरची नव्हतीच. ती वीस मीटर आणि वर एका वेढ्याची होती. बापाने तोडतानाच ती वीत खांबासाठी धरली होती आणि सांगायची गरज त्याला वाटली नव्हती. ज्याला खांबच बांधायचे, त्याला कशाला सांगायचं?

भिंगरी मातीत काडीने गणित करत होती. "वीसदा वीत म्हणजे साडेचार मीटरला थोडं कमी. दोन फेऱ्यांना जवळपास नऊ मीटर." तिने काडी टाकली. "नऊ मीटरला मला दोन सेकंदं लागतात."

तारवाल्याने मान हलवली. पकड सापडल्यावर वाटतं तसं त्याला क्षणभर बरं वाटलं. मग लेकीचा चेहरा दिसला आणि ते बरं वाटणं गेलं.

*

"सांगणार आहात?" बायकोने विचारलं. ती तार साफ करत होती. जुन्या काटेरी तारेला चिकटलेल्या वेली ओरबाडून हात रक्ताळले होते. "सांगा. पण काय होईल ते आधी ऐका. लोक तुम्हाला बोलावतात ते तुमच्या हाताला बोलावत नाहीत. खांब काय, कोणीही पुरेल. लोक बोलावतात मापाला. तुम्हीच कोर्टात जाऊन म्हणालात की माझं माप चुकलं, तर दुसऱ्या दिवशी अर्धं गाव आपापला बांध मोजायला निघेल."

"खांबाला माप बरोबरच आहे."

"तुम्हाला कळतंय. मला कळतंय. गावाला समजावत बसणार का दारोदार?"

"आणि नाही सांगितलं तर?"

बायकोने वेल ओढली. ती तुटली नाही. "तर पोरगी माझ्या शेजारी हे करत बसेल," ती म्हणाली. "जन्मभर."

भिंगरी जवळच तार गुंडाळत होती. "मी काही म्हणत नाही," ती म्हणाली.

"तू म्हणूच नकोस," तारवाला म्हणाला. "तू अर्जदार आहेस."

चौथ्या दिवशी ठेकेदार मोटारसायकलवरून रानात आला. पोट सांभाळत बांधावरून उतरला, कामाचं कौतुक केलं, रेषेत खांब कसे उभे आहेत ते एक डोळा मिटून बघितलं. "तुझ्यासारखं माप कोणाचं नाही," तो म्हणाला. "खात्याच्या नव्या आवाराला कुंपण घालायचंय. लांबच्या लांब. तुझंच नाव दिलंय मी. फक्त एक कर, डोकं थंड ठेव. सही तुझी आहे, माझी नाही. चुकलं म्हणालास तर चूक कोणाची? खुंट्या चुकल्या म्हणशील?"

"खुंट्या तुम्ही दिल्या होत्या."

"खुंटी कधी मोजते का?" ठेकेदार हसला. "मोजतो माणूस."

तो गेल्यावर तारवाल्याने पहार पुन्हा मातीत मारली. ठेकेदार बोलला त्यात खोट काढायला जागा नव्हती. त्याचाच त्याला राग आला होता. संध्याकाळ व्हायच्या आत तो वकीलबाईंकडे गेला आणि तार टेबलावर ठेवली.

*

कोर्टाची खोली शाळेच्या वर्गाएवढी होती. मागच्या बाकांवर ओळखीचे चेहरे दिसत होते; ज्यांच्या बांधांवर त्याची तार पडली होती असे सात-आठ जण कामं टाकून आले होते. न्यायाधीश म्हातारे होते आणि त्यांना ऐकण्यापेक्षा बघण्यात रस दिसला. वकीलबाईंनी तारेचं सांगितलं तसे ते पुढे झुकले.

सरकारी वकील उठला. सडपातळ, नीट भांग पाडलेला. "अर्जदार क्रमांक चार तुमची कोण?"

"लेक."

"म्हणजे माप चुकलं असं निघालं तर फायदा तुमच्या घराला."

"हो."

"आणि तार तुमच्याच घरात असते. ही तुम्ही काल वीतभर लांब तोडून आणली नाही कशावरून?"

"टोक बघा, साहेब," तारवाला म्हणाला. "काल तोडलेली तार चमकते. हिच्या टोकाला माझ्या बापाच्या वेळचा गंज आहे. आकडा सरळ करायला गेलात तर मोडेल."

न्यायाधीशांनी हात पुढे केला. टोक चष्म्यापाशी नेलं, नखाने खरवडलं, हुंगलंसुद्धा. "पट्टी आणा," ते म्हणाले.

पट्टेवाल्याने गुंडाळलेली लांब मोजपट्टी आणली. खोली पुरेना, म्हणून सगळे ओसरीत गेले. न्यायाधीशही उठून आले. तार जमिनीवर पसरली. वीस मीटर आणि बावीस सेंटीमीटर. मग ओसरीच्या कठड्याच्या दंडाएवढ्या लाकडी खांबाला तारवाल्याने एक वेढा दिला, आकडा अडकवला, ताणली. पट्टेवाला गुडघ्यांवर बसून वाचू लागला. "वीस."

"वर काही?"

"काही नाही, साहेब. वीस."

"पुन्हा करा," न्यायाधीश म्हणाले. चुकलं असं त्यांना वाटलं नव्हतं. त्यांना ते पुन्हा बघायचं होतं. पुन्हा वीसच भरले. त्यांनी स्वतः खाली वाकून वेढ्याला बोट लावलं.

आत गेल्यावर सरकारी वकिलाने शेवटचा प्रश्न विचारला. "अठ्ठावीस वर्षं तुम्ही हीच तार वापरताय. ती वीस मीटरपेक्षा जास्त आहे. हो की नाही?"

"खांबाला लावली की..."

"हो की नाही?"

तारवाल्याने मागच्या बाकांकडे पाहिलं. "जास्त आहे," तो म्हणाला. "हो."

मागे कोणीतरी जिभेने च्च केलं. दोघे उठून बाहेर गेले. ओसरीतलं माप त्यांनी पाहिलं होतं की नाही, कोण जाणे.

*

निकाल आला. त्या मैदानावर पळालेल्या सगळ्यांना नव्याने पळवायचं, मैदान पट्टीने आणि उमेदवारांसमोर मोजायचं, आधीचे गुण कोणाचे कमी करायचे नाहीत आणि दोन्ही मैदानांची मिळून यादी नव्याने लावायची. जागा तेवढ्याच.

तारवाल्याकडची कामं निम्म्यावर आली. जे बोलवत, ते कोऱ्या करकरीत पट्ट्या घेऊन बांधावर उभे राहत. एका शेतकऱ्याने तर त्याच्या प्रत्येक खांबामागे फिरून मोजलं, वहीत लिहिलं आणि संध्याकाळी म्हणाला, "बरोबर आहे की सगळं." त्याच्या बोलण्यात जरा निराशाच होती. खात्याच्या आवाराचं कुंपण दुसऱ्याला गेलं. तारवाल्याने ते बसमधून जाताना पाहिलं. तिसरा खांब रेषेबाहेर होता.

भिंगरी नव्याने पळाली तेव्हा तो गेला नाही. त्या दिवशी त्याने बायकोबरोबर विहिरीभोवतीची जाळी बसवली. दुपारी ती बांधाला सायकल टाकून पळत आली, तेव्हाच दोघांना कळलं. तरी आईने विचारलं, "किती?"

"अठ्ठेचाळीस."

"मग शिंक पुरी झाली," आई म्हणाली. पदराने तोंड पुसायच्या निमित्ताने तिने डोळे पुसले.

*

नवी यादी भरती कार्यालयाच्या भिंतीवर लागली. नावं नव्हती, बैठक क्रमांक होते. भिंगरी कागदपत्रं द्यायला आत गेली होती. तारवाला बाहेर यादीपुढे उभा राहिला. लेकीचा क्रमांक त्याचा तीनदा पाहून झाला होता, तरी तो खालपर्यंत वाचत गेला. जुनी यादीही शेजारीच होती, एक कोपरा सुटलेली. दोन्हींत काय काय हललं हे बघायचं त्याला उगाच कुतूहल होतं. वरचे थोडे वरखाली झाले होते. तळाचे सहा क्रमांक नव्या यादीत नव्हतेच.

"दादा, जरा वाचता का?" शेजारी एक बाई येऊन उभी होती. पायांत प्लास्टिकच्या चपला, बोटांना शिवणयंत्राच्या तेलाचे डाग. "चष्मा विसरले. पोरीचा क्रमांक बघायचाय. ती यायला तयार नाही, म्हणते तूच जा." तिने चिठ्ठी पुढे केली.

त्याने क्रमांक वाचला. जुन्या यादीत तो खालून दुसरा होता. आत्ताच तो त्याच्या नजरेखालून गेला होता. तरी त्याने नवी यादी पहिल्यापासून वाचली, प्रत्येक क्रमांकावर बोट ठेवून, शेवटपर्यंत.

"नाही," तो म्हणाला.

"नीट बघा. मागच्या यादीत होता. आम्ही सगळ्यांना सांगितलंय."

त्याने पुन्हा वाचली. बाई त्याच्या बोटाबरोबर मान खाली नेत होती. बोट भिंतीवर आलं तशी तिची मान थांबली.

"मागच्या यादीत होता," तारवाला म्हणाला. "इकडचं मैदान चुकून लांब आखलं होतं. ते कोर्टाने सुधारायला लावलं. इकडच्या सहा जणी वर गेल्या, खालच्या सहा जणी निघाल्या."

"पण माझी तिकडच्या मैदानावर पळाली. ते तर बरोबर होतं ना?"

"बरोबर होतं."

"मग तिचं काय चुकलं?"

"काही नाही."

बाईने चिठ्ठी घेतली, घडी केली, पुन्हा उलगडली. "आखलं कोणी होतं म्हणे?"

"मी," तो म्हणाला. "आणि वर गेलेल्यांत माझी लेक आहे."

ती शिव्या देईल असं त्याला वाटलं आणि द्याव्यात असंही वाटलं. तिने दिल्या नाहीत. कापड विकत घेण्याआधी माणूस चिमटीत धरून बघतो, तशी ती त्याला बघत होती.

"तुम्ही कोर्टात गेला होतात ना?"

"हो."

"वकील कोण होता?"

"बाई आहेत."

"चांगल्या आहेत?"

"ऐकून घेतात."

"कुठे बसतात?"

तारवाला तिला घेऊन फाटकापर्यंत आला आणि हाताने दाखवू लागला. "कोर्टाच्या मागच्या गल्लीत. पाण्याच्या टाकीपासून सत्तर-ऐंशी पावलं. खाली छापखाना आहे, जिना बाजूने. जिन्याला कठडा नाही, भिंतीला धरून चढा. सकाळी नऊच्या आत गाठा, मग त्या कोर्टात जातात. दोन्ही याद्यांची नक्कल आधी इथून मागून घ्या. मिळते, पण मागावी लागते." तो थांबला. "चार खुर्च्या आहेत. बाकीच्या पाच जणी सापडल्या तर त्यांनाही न्या. एकटीचं ऐकायला वेळ लागतो."

बाईने मान हलवली आणि नक्कल कुठे मिळते ते विचारायला ती परत आत गेली.